दवाखान्याच्या दारातला उंदीर

"युनियनची आरोग्य योजना ना? एक संध्याकाळ दे मला. सगळी तोंडपाठ म्हणून दाखवतो!"

डेल व्रोबेलनं हे जाहीर केलं तेव्हा त्याच्या एका हातात काट्याला टोचलेली पिएरोगी, म्हणजे बटाटा भरलेली उकडलेली पोलिश करंजी होती आणि दुसऱ्या हातात योजनेचं जाडजूड पुस्तक. समोर बसलेल्या मॉरीननं, म्हणजे त्याच्या बायकोनं, पुस्तकावर ओघळलेलं लोणी पुसून घेतलं. डेलच्या घोषणांना तोंड कसं द्यायचं, हे इतक्या वर्षांच्या संसारात तिला चांगलं जमलं होतं.

तसा बढाया मारायला डेल मोकळाच होता म्हणा. अमेरिकेतल्या बफलो शहरात मोठ्या इमारतींमधून हवेचे पत्र्याचे डक्ट बसवणाऱ्यांची जी युनियन आहे, तिचा हा कामावरचा प्रतिनिधी. शिडी कुणी धरायची, जेवणाची सुट्टी कधी सुरू होते, बर्फ पडत असताना छतावर चढायचं की नाही, सगळी कलमं याच्या जिभेवर! मुकादमानं तोंड उघडायच्या आत हा त्याला कलम ऐकवायचा. आणि दर महिन्याच्या सभेत 'नवीन विषय' असा पुकारा झाला, की डेल उठलाच म्हणून समजा. विषय मात्र कधीच नवीन नसायचा. मागच्या करारात युनियनचा प्रमुख ऑगी शिमान्स्की यानं मालकांशी घासाघीस करताना कामाच्या बुटांचा भत्ता सोडून दिला होता. तेव्हापासून प्रत्येक सभेत डेल उभा राहून विचारायचा, की ऑगी, आमचे बूट देऊन तू बदल्यात आणलंस तरी काय? सभेच्या रीतीनं सभासदाला 'ब्रदर' म्हणत ऑगी शांतपणे सांगायचा, ब्रदर व्रोबेल, करारात लिहिलंय, वाच. डेल म्हणायचा, मला पाठ आहे! मग टाळ्या पडायच्या आणि सगळे बिअर प्यायला जायचे.

पण या वेळचं कलम बुटांचं नव्हतं. डेल आणि मॉरीनला मूल हवं होतं.

मॉरीन शाळेची बस चालवते. रोज सकाळी लोकांची पोरं गोळा करायची, त्यांची भांडणं सोडवायची, विसरलेले हातमोजे जपून ठेवायचे आणि दुपारी रिकामी बस आगारात लावून घरी यायचं. मागे एकदा तिला दिवस राहिले होते. आनंदाच्या भरात डेलनं ते फिट्झच्या कानावर घातलं. फिट्झ म्हणजे डेलचा कामावरचा जोडीदार. माणूस लाखातला, पण पोटात काही राहील तर शपथ! आठवड्याच्या आत सगळ्या आळीनं घरी केक आणि विणलेल्या टोपड्या पोचवल्या. आणि मग ते मूल राहिलं नाही. टोपड्या घेऊन उशिरा आलेल्या प्रत्येकाला मॉरीननं दारात उभं राहून तेच पुन्हा पुन्हा सांगितलं. ते सांगणं तिला इतकं जड गेलं, की पुढे बरेच दिवस दारावरची घंटा वाजली तरी ती उठायची नाही.

म्हणून या खेपेला तिची एकच अट होती. कुणाला म्हणजे कुणालाही कळता कामा नये. दिवस राहिले तरी पहिले तीन महिने डेलच्या तोंडाला कुलूप. डेलनं पिएरोगी खाली ठेवून शपथ घेतली आणि पुस्तक उघडलं.

आता ते पुस्तक! एका पानावर लिहिलं होतं, वंध्यत्वाच्या तपासण्या योजनेत बसतात. डेल खूश. पुढच्या ओळीत, उपचार बसत नाहीत. डेलचा चेहरा उतरला. त्याच्या खाली, परिशिष्टात सांगितल्याखेरीज. डेल पुन्हा खूश. परिशिष्ट म्हणत होतं, ताज्या दुरुस्तीत पाहा. दुरुस्ती कुठे आहे, ते मात्र कुणीच म्हणत नव्हतं. शेवटी पुस्तकाच्या मागच्या पुठ्ठ्याच्या आत ती पानं चिकटवलेली सापडली, आणि त्यांत आयव्हीएफ हा शब्द दिसल्याबरोबर डेलनं पुस्तक फाडकन मिटलं. "बसतं! सगळं बसतं! कुठलाही डॉक्टर, कधीही, कितीही वेळा. याला म्हणतात युनियन!"

"पुढचं वाचलंस?" मॉरीननं विचारलं.

पुढचं काय वाचायचं, असं डेलचं म्हणणं पडलं.

पुढचं त्याला दुसऱ्या दिवशी लोरेटानं वाचून दाखवलं. लोरेटा ही युनियनच्या कार्यालयात विम्याचं टेबल सांभाळणारी बाई. एका मित्रासाठी विचारतोय, असं डेलनं तिला सांगितलं. लोरेटाचं अर्धं आयुष्य असल्या मित्रांचे प्रश्न ऐकण्यात गेलेलं. चष्म्यावरून बघत ती म्हणाली, तुझ्या मित्राला सांग, की यादीतला दवाखाना एकच, तोही शहराबाहेरच्या त्या काचेच्या इमारतीत. आधी मंजुरी घ्यायची. कामाचे पुरेसे तास जमा असले तरच विमा चालू राहतो, तेव्हा मित्रानं कामावर दांड्या मारायच्या नाहीत. आणि मित्राच्या बायकोचा बेचाळिसावा वाढदिवस झाला, की उपचार बंद.

डेलनं बोटांवर महिने मोजले. मॉरीनचा बेचाळिसावा मार्चमध्ये होता आणि बाहेर जानेवारीचा बर्फ पडत होता. म्हणजे फार तर एकदाच जमणार! पदरच्या पैशांनी दुसरी खेप करायची म्हणजे घर विकायला काढावं लागलं असतं.

"हे आपल्या योजनेत आलं कधी गं?" त्यानं जाता जाता विचारलं.

"मागच्या करारात," लोरेटा म्हणाली. "मित्राला माझ्या शुभेच्छा सांग."

डेलचं लक्ष वाढदिवसाकडे लागलेलं. ते उत्तर या कानातून गेलं आणि त्या कानातून बाहेर पडलं.

मग एकच धावपळ सुरू झाली. मंजुरी आली, तपासण्या झाल्या, फ्रिजमध्ये मोहरीच्या बाटलीशेजारी इंजेक्शनं येऊन बसली. ती डेलनं द्यायची ठरली होती. जाड पत्रा कागदासारखा कापणारा हा गडी, पण पहिल्याच दिवशी सुई पाहून असा काही पांढरा पडला, की मॉरीननं एका हातानं त्याला खुर्चीत बसवलं आणि दुसऱ्या हातानं स्वतःच टोचून घेतलं. पुढे शिकला हो तो. शिकला आणि लगेच मॉरीनला सुई कशी धरायची, यावर भाषण द्यायला लागला. सगळ्या खटाटोपातून एकच गर्भ चांगला निघाला. तो दवाखान्यात गोठवून ठेवला आणि आत सोडायचा दिवस ठरला, मॉरीनच्या वाढदिवसाच्या अगदी तोंडावरचा गुरुवार. तिचं शरीर औषधांनी त्या दिवसासाठी तयार करत आणायचं होतं. तो गुरुवार चुकला तर पुन्हा महिना थांबायचं, आणि महिन्यानंतर योजना तिची नव्हती.

इथवर सगळं गुपचूप पार पडलं. मग फिट्झ उपटला.

शुक्रवारी संध्याकाळी तळलेली मासळी खायला सगळे जमले होते. फिट्झनं भर टेबलावर विचारलं, की डेल, मंगळवारी तुझी पिकअप त्या काचेच्या इमारतीखाली दिसली, तिथे रे काय करत होतास? टेबलावरची सगळी तोंडं डेलकडे वळली. आता माणसानं दाढ दुखत होती म्हणावं, पाय मुरगळला म्हणावं. त्या इमारतीत दातांचा डॉक्टर होता, हाडांचा होता, डोळ्यांचासुद्धा होता! पण डेल पडला युनियनचा प्रतिनिधी. इमारत म्हटल्यावर त्याला डॉक्टर सुचेनात, सुचले ते डक्ट. तळमजल्यावर प्लास्टिकचे पडदे लावून काहीतरी काम चाललेलं त्यानं येताजाता पाहिलं होतं.

"तिथे बाहेरचे लोक पत्र्याचं काम करतायत," तो आवाज खाली आणून म्हणाला. "युनियनचे नाहीत. नजर ठेवायला गेलो होतो."

युनियनवाल्यांसमोर हे म्हणणं म्हणजे लग्नाच्या पंगतीत साप निघाला म्हणून ओरडण्यासारखं! फिट्झनं हातातला मासा खाली ठेवला आणि तसाच उठून फोनकडे गेला.

सोमवारच्या सभेत ऑगीनं डेलला नाव घेऊन उभं केलं. सुट्टीच्या वेळात, स्वतःचं पेट्रोल जाळून आपल्या हक्कांवर नजर ठेवणारा हा ब्रदर, असं तो म्हणाला आणि सगळं सभागृह टाळ्या वाजवत उभं राहिलं. डेल खरं सांगायला उठला होता, अगदी मनापासून उठला होता! पण टाळ्या थांबेनात, आणि एका म्हाताऱ्या सभासदानं तर त्याचा हात धरून डोळे पुसले. डेलनं मान लववली आणि खाली बसला. त्या दिवशी बुटांचा विषयसुद्धा काढायला तो विसरला.

दवाखान्यापुढे धरणं धरायचं ठरलं. पण कधी? ऑगी म्हणाला, उंदीर मिळाला की लगेच.

बांधकामाच्या युनियनचं धरणं म्हणजे उंदीर पाहिजेच. दोन मजली उंच, हवेनं फुगवायचा, लाल डोळ्यांचा आणि पिवळ्या दातांचा. जो मालक युनियनबाहेरची माणसं कामाला लावतो, त्याच्या दारात तो आणून उभा करायचा, म्हणजे येणाऱ्याजाणाऱ्याला कळतं, आत कोण बसलाय ते. डेलच्या युनियनचा स्वतःचा उंदीर मागच्या वादळात फाटला होता. गवंड्यांच्या युनियनकडून उसना आणायचा तर तो एका हॉटेलपुढे अडकलेला, आणि त्या हॉटेलचा संप वर्षभर तरी मिटत नाही, असं जो तो म्हणत होता.

डेलचा जीव भांड्यात पडला. "उंदीर मोकळा नाही," तो आल्याआल्या मॉरीनला म्हणाला.

"कुठला उंदीर?" मॉरीननं विचारलं.

"काही नाही," डेल म्हणाला, आणि झोपेपर्यंत शीळ घालत फिरला.

हॉटेलचा संप बुधवारी संध्याकाळी मिटला.

डेलला कोण सांगणार! त्यानं गुरुवारची सुट्टी टाकली होती आणि फोन बंद करून ठेवला होता, मॉरीनला कसला त्रास नको म्हणून. सकाळी दोघं निघाली. दवाखान्याची सूचना होती, की पोट पाण्यानं भरून यायचं, मूत्राशय तुडुंब असलं की आतलं यंत्रावर नीट दिसतं. मॉरीननं ती सूचना बस चालवावी तशी काटेकोर पाळली होती. रस्त्यातल्या प्रत्येक खड्ड्याला ती डोळे मिटून घ्यायची आणि डेल प्रत्येक खड्ड्याची माफी मागायचा. तरी दोघं खुशीत होती. मॉरीननं चक्क गाणं गुणगुणलं. असं गुणगुणताना तिला डेलनं किती तरी दिवसांत ऐकलं नव्हतं.

पिकअप कोपऱ्यावर वळली आणि समोर उंदीर!

उंदीर कसला, राक्षस! दवाखान्याच्या दाराच्या बरोब्बर पुढे, दोन पायांवर उभा, लाल डोळे वटारून. खाली पंखा घोंघावतोय, त्याच्याभोवती डेलची सगळी मंडळी फलक घेऊन गोल गोल फिरतायत, आणि पुढे कर्णा हातात घेऊन ऑगी. डेलची गाडी दिसताच फिट्झनं फलक उंचावून आरोळी ठोकली, की आला बघा, ज्यानं शोधून काढलं तो आला! पुन्हा टाळ्या.

मॉरीननं उंदराकडे पाहिलं. मग डेलकडे पाहिलं.

"हा उंदीर होय," ती म्हणाली.

डेलनं तिथेच गाडी थांबवून दोन वाक्यांत सगळा प्रकार सांगितला. मॉरीन ऐकत होती आणि तिचा एक हात दाराच्या कडीवर घट्ट आवळत चालला होता. ती ओरडली असती तर बरं, असं डेलला वाटलं. ती एवढंच म्हणाली, की डेल, मला आत जायचंय, आणि मला फार वेळ धरवणार नाही.

पण जायचं कसं? धरण्याची रांग ओलांडायची नाही! डेलच्या आजोबांनी ती ओलांडली नव्हती, बापानं ओलांडली नव्हती. भर थंडीत एकदा त्याच्या बापानं दुधाच्या दुकानापुढे रांग दिसली म्हणून पोरांना आठवडाभर काळी कॉफी पाजली होती. रांग ओलांडणाऱ्याशी हे लोक मरेपर्यंत बोलत नाहीत, आणि मेल्यावर त्याच्या मयतीला जात नाहीत. आणि ही रांग तर डेलनं स्वतः लावलेली!

मागचं दार असेल, म्हणून तो गाडीतून उतरून इमारतीला वळसा घालून आला. मागच्या दारात तळमजल्यावर काम करणारी माणसं कॉफी पीत उभी होती. डेलनं जीव मुठीत धरून विचारलं, तुम्ही कुठले? त्यांच्यातल्या एकानं छाती पुढे काढून खिशातलं कार्ड दाखवलं. शेजारच्या रॉचेस्टर शहरातली पत्रेवाल्यांची युनियन! सगळे ब्रदरच. बाहेर रांग दिसली म्हणून त्यांनीही सकाळपासून काम बंद ठेवलं होतं.

"तुमचं भांडण आहे कुणाशी?" त्या कार्डवाल्यानं विचारलं. "आम्ही विचारविचारून थकलो. पण असेल ते असो, आमचा तुम्हाला पाठिंबा आहे."

डेलनं त्याचे आभार मानले आणि तो पुढे आला, तर फुटपाथवर निळ्या कपड्यांतल्या बायका कोट पांघरून, पाय आपटत उभ्या. त्यांत जोसलिन होती, मॉरीनचं सगळं पाहणारी नर्स. तिनं डेलला पाहिलं आणि अनोळखी माणसाला हसावं तसं हसली. कुठल्याही रुग्णाची ओळख बाहेर द्यायची नाही, असा तिचा नियम. डेल तिच्या कानाशी जाऊन म्हणाला, अहो, तुम्ही इथे काय करताय, वर जा ना.

"आम्ही नर्सांच्या युनियनच्या आहोत, मिस्टर व्रोबेल," जोसलिन ओठ न हलवता म्हणाली. "रांग लागलीय. प्रयोगशाळेतली माणसंही खालीच आहेत. वर एकट्या डॉक्टरबाई आहेत आणि त्यांना कॉफीचं यंत्रसुद्धा लावता येत नाही."

"पण आमचा तो... आमचं..."

"गोठलेलं आहे, नीट आहे. पण दुपारच्या आत काम सुरू झालं नाही तर आजचा दिवस गेला. ही रांग कुणाची आहे? त्याला सांगा उठवायला."

तो ऑगीकडे धावला. आधी म्हणाला, वारा सुटलाय, उंदीर फाटेल. ऑगी म्हणाला, दोर पक्के आहेत. मग म्हणाला, दवाखाना आहे, आजारी माणसांचे हाल होतात. ऑगी म्हणाला, तातडीच्या रुग्णांना आम्ही सोडतोच की, कोण तातडीचं आहे दाखव. डेलची नजर पिकअपकडे गेली आणि परत आली. शेवटी म्हणाला, उंदीर जरा रस्त्याच्या पलीकडे सरकवला तर? एवढ्यात मागच्या दारातला तो रॉचेस्टरचा ब्रदर कॉफीचा पेला घेऊन ऑगीला पाठिंबा द्यायला आला आणि त्यानं आपलं कार्ड पुढे केलं.

ऑगीनं कार्ड पाहिलं. उलटं करून पाहिलं. मग कर्णा खाली घेतला. फिरणारी मंडळी हळूहळू थांबली.

"डेल," ऑगी म्हणाला, "तू त्या मंगळवारी इथे नक्की काय बघायला आला होतास?"

आता सांगायला काय हरकत होती! एका वाक्याचं काम. पण डेलला दारातल्या त्या टोपड्या आठवल्या, आणि दिलेली शपथ आठवली. त्याचं ततपप झालं. तो म्हणाला, ऑगी, मला खोटारडा म्हण, प्रतिनिधीपद काढून घे, युनियनमधून हाकलून दे, पण कृपा करून तो पंखा बंद कर आणि का ते विचारू नकोस. एवढा धिप्पाड माणूस उंदराखाली उभा राहून रडायला लागला.

तेवढ्यात पिकअपचं दार वाजलं. मॉरीन खाली उतरली. काठोकाठ भरलेली घागर कडेवर घेऊन बाई चालते तशी, एकेक पाऊल जपून टाकत ती बर्फावरून आली. तिनं ऑगीच्या हातातला कर्णा घेतला. डेल नको नको म्हणून हात हलवत होता.

"मी मॉरीन व्रोबेल," कर्ण्यातून आवाज आला आणि पलीकडच्या दुकानातली माणसंसुद्धा खिडकीशी आली. "वर दवाखान्यात आमचा एक गर्भ आहे. एकच आहे. तो आज मला घ्यायचाय. पुढच्या आठवड्यात माझा वाढदिवस आहे, मग योजना संपली. माझ्या नवऱ्यानं खोटं सांगितलं, कारण मी त्याला गप्प बसायला सांगितलं होतं. कुणाला कळू नये असं मला फार वाटत होतं. ते आता झालं. मी सकाळपासून इतकं पाणी प्यायलेय, की आणखी थोडा वेळ उभी राहिले तर उरलेलं गुपितही इथेच फुटेल. मला वाट द्या."

ऑगीनं वाकून पंख्याची वायर उपटली.

उंदराचे कान लोंबले, मग डोळे, मग सगळा उंदीर उसासा टाकत पुढे झुकला आणि अडला थेट दवाखान्याच्या दारात! दार बंद! मॉरीन म्हणाली, अरे देवा. पण फिट्झनं फलक फेकून दिला आणि पहिला धावला. त्याच्यामागे सगळे. रॉचेस्टरचे ब्रदर आले, नर्साही आल्या. सगळ्यांनी मिळून तो उंदीर हातांवर, डोक्यांवर उचलून धरला, आणि त्या राखाडी मांडवाखालून मॉरीन आत गेली. मागोमाग जोसलिन आणि तिच्या मैत्रिणी धावल्या. डेल दारात घुटमळला, तर डोक्यावर शेपटी धरून उभा असलेला फिट्झ म्हणाला, "जा की लेका. रांग कुठे आहे आता?"

काम झालं. डॉक्टरबाई म्हणाल्या, अगदी हवं तिथे बसलंय. मॉरीन आडवी पडून डोळे मिटून हसत होती. तिचा हात हातात घेऊन डेल पडद्यावरच्या त्या पांढऱ्या ठिपक्याकडे बघत राहिला, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला कुठलं कलम आठवलं नाही.

खाली आला तेव्हा मंडळी पांगली होती. ऑगी एकटाच फुटपाथवर बसून उंदराची घडी करत होता. डेल त्याच्या शेजारी बसला आणि न सांगता घडीचं दुसरं टोक धरलं.

"त्या डॉक्टरबाई अजून डाव्या हातानंच लिहितात का रे?" ऑगीनं विचारलं.

डेलनं घडी तशीच सोडून त्याच्याकडे मान वळवली.

"मी आणि माझी बायको, ग्लोरिया, यायचो इथे," ऑगी म्हणाला. "तेव्हा हे योजनेत नव्हतं. अर्ध्यावर सोडलं आम्ही. होते नव्हते ते पैसे संपले. आता काय, वय झालं." त्यानं उंदराचा कान दुमडला. "मग करार आला. मालक म्हणाले, हे हवं असेल तर काहीतरी सोड. मी बूट सोडले."

डेलनं खाली मान घातली. समोर त्याचे स्वतःचेच बूट होते.

"तू सांगितलं का नाहीस? दर सभेत मी बोंबलत होतो."

"ते सांगायचं म्हणजे ग्लोरियाचं सगळं सांगावं लागलं असतं," ऑगी म्हणाला. "आणि करारात लिहिलंय की. तुला तर पाठ आहे."

त्याच महिन्याच्या अखेरीला दवाखान्यातून फोन आला. मॉरीननं फोन ठेवला, डेलचे दोन्ही कान धरले आणि म्हणाली, की हो, पण या खेपेला तीन महिने पुरे होईपर्यंत एक अक्षर बोलायचं नाही. पहिल्या पायरीपर्यंत सगळ्यांना कळलंय ते कळलंय, पुढचं कुणालाही नाही. समजलं? डेल एवढा नाचला, की खालच्या मजल्यावरच्या भाडेकरूनं छताला काठी ठोकली. पण शपथ म्हणजे शपथ. कामावर तो तोंड पाडून वावरला. फिट्झनं खोदून खोदून विचारलं, तर हवापाण्याच्या गप्पा मारल्या. जेवणाच्या सुट्टीत एकटा जाऊन बसला. वाऱ्यालासुद्धा कळलं नाही!

मग महिन्याची सभा आली. ऑगीनं पुकारा केला, नवीन विषय. सगळं सभागृह सवयीनं डेलकडे वळलं. काही जणांनी तर टाळ्यांसाठी हातही तयार ठेवले.

डेल बसून राहिला.

"ब्रदर व्रोबेल," ऑगी चष्मा काढून म्हणाला, "बुटांबद्दल काही?"

डेल उठला. त्याच्या उजव्या बुटाचा तळवा पुढून उघडला होता आणि चालताना फटफट वाजायचा, हे सगळ्यांना माहीत होतं. त्यानं बुटाकडे पाहिलं, ऑगीकडे पाहिलं.

"काही नाही," तो म्हणाला. "आहेत ते चालतायत. झकास आहेत. बूट काय, कसलेही चालतात." आणि खाली बसला.

दोन क्षण कुणाला काही कळलं नाही. मग फिट्झच्या डोक्यात प्रकाश पडला: फाटक्या बुटांवरही खूश असलेला डेल म्हणजे बाप होणारा डेल! तो खुर्चीवर चढला आणि त्यानं अशी काही किंकाळी फोडली, की लोरेटा आतल्या खोलीतून धावत आली. सगळं सभागृह उठून टाळ्या, शिट्ट्या, खुर्च्यांवर हात! ऑगीनं तोंड फिरवून नाक शिंकरलं आणि सभा तिथेच संपवली. मी काही बोललो नाही हं, काहीच बोललो नाही, असं डेल प्रत्येकाला गळामिठीतून सांगत होता.

तो घरी पोचला तेव्हा पायरीवर दोन केक होते, एक झाकलेलं पातेलं होतं, आणि फिट्झच्या बायकोनं विणलेलं पिवळं टोपडं होतं. मॉरीन दारात कमरेवर हात ठेवून उभी होती. तिनं ते टोपडं बोटावर फिरवलं. या खेपेला मात्र घंटा वाजल्यावर ती दार उघडायला उठली होती.

"काय बोललास तू सभेत?"

"आईशपथ सांगतो, मॉरीन," डेल पायातला फाटका बूट पायरीवर झटकत म्हणाला, "फक्त बुटांबद्दल."